कावून म्हणजे कोण नव्हे

माजलगाव
५ फेब्रुवारी २००४

महांतेश,

शरणार्थ. हे लिहिल्याशिवाय आपल्याकडे पत्र सुरू होत नाही म्हणून लिहिलं, त्याचा फार अर्थ लावू नकोस. दादा लिहिलेलं नाही हे तुझ्या लक्षात आलंच असेल. शब्दांवर तुझं बारीक लक्ष असतं, निदान माझ्या नावानं लिहितोस तेव्हा.

रविवारी पाहुणे पोहे खात होते आणि तू मागच्या दारानं चपला घालून निघालास. आईला वाटलं, बर्फी कमी पडली म्हणून आणायला गेलास. मामींचा हैदराबादहून फोन आला तेव्हा कळलं की बर्फी आणायला तू परळीहून रेल्वेत बसला होतास आणि आता मामांच्या औषधाच्या दुकानात गोळ्या मोजतो आहेस. इतका मोठा खेळ पाच महिने लिहिलास आणि शेवटचा अंक बघायला थांबला नाहीस, म्हणून तो मी सांगते.

पोहे झाल्यावर पद्धतीप्रमाणे आम्हा दोघांना आतल्या खोलीत बसवलं. बसवेश म्हणाला, "अंजू, आज इतकी गप्प का?" मी मागं वळून पाहिलं. मला वाटलं, कुणी आलं. आई मला शिवू म्हणते, शाळेत मुलं मॅडम म्हणतात, अंजू ही बाई आमच्या घरात राहत नाही. त्यानं पिशवीतून एक वही काढली. स्पायरल बाइंडिंग, वर प्लास्टिकचं कव्हर, चौऱ्याण्णव पानं. म्हणाला, "तुझे सगळे मेल छापून ठेवलेत. एक सोडून सगळे."

पहिल्या पानावर माझा फोटो होता. युसूफ वडगाव या गावी झालेल्या लग्नातला, आईनं माझ्या खांद्यावर हात ठेवलेला. आईला तू कापून काढलंस, पण तिची चार बोटं माझ्या खांद्यावर राहिली आहेत. सातव्या पानावर त्यानं विचारलंय, ही बोटं कुणाची? आणि मी, म्हणजे तू, लिहिलंयस, माझ्या जिवलग मैत्रिणीची. आईला हे अजून सांगितलेलं नाही.

मी त्याला स्पष्ट सांगितलं की यातलं एक अक्षर माझं नाही. तो हसला. पान एक्क्याऐंशी काढून दाखवलं. तिथं अंजूनं लिहून ठेवलं होतं, "समोर आलात की मी सगळं नाकारीन. माझा स्वभावच लाजरा आहे. माझ्या नाहीकडे लक्ष देऊ नका."

हे वाक्य मी घरी येणाऱ्या प्रत्येकाला वाचून दाखवावं असं वाटतं. माझं तोंड उघडायच्या आधीच तू ते बंद करून ठेवलंस. तुला बारावीत गणितात तीनदा अडकवलं ते मास्तर म्हणायचे, या पोराला पुढचं दिसत नाही. त्यांना एकदा भेटून सांगायला हवं.

आता कामाचं. बसवेशच्या आईनं जाताना मला साडी-नारळ दिला आणि आईनं गोंधळून घेतला. रविवारी ७ मार्चला सुंदररावांच्या बंगल्यावर बैठक आहे. सुंदरराव आपल्या समाजाचे नाहीत, पण त्यांच्याकडचा चहा झाल्याशिवाय माजलगावात कुणाचं काही ठरत नाही हे तुला माहीत आहे. पाहुण्यांचं म्हणणं, मुलीनं लेखी होकार दिलाय, तेव्हा साखरपुड्याची तारीख काढा, नाहीतर मुलगी कशी आहे ते सगळ्या समाजाला कळू द्या. अप्पांनी तुला फोन केला तेव्हा तू म्हणालास, "तिनंच सांगितलं, मी फक्त टाइप केलं." अप्पांनी ते खरं धरलं. धरणारच, मुलगा आहेस.

मला दोन ओळी हव्यात. तुझ्या हातच्या, खाली सही. "बसवेश यांना गेलेले मेल मी शिवांजलीला न विचारता, तिच्या नकळत लिहिले." बस. त्याच्यावर माझं पुढचं सगळं अडलंय.

शिवांजली


माजलगाव
१२ फेब्रुवारी २००४

महांतेश,

तुझं उत्तर मिळालं. टाइप केलेलं, कागदाच्या मधोमध, खाली सही नाही. पाकिटावरचा पत्तासुद्धा छापून चिकटवलेला. मामांच्या दुकानात पेन मिळत नसेल तर कळव, इथून पाठवते.

तू लिहितोस की मोठा भाऊ या नात्यानं तू माझ्या वतीनं बोललास. अप्पांनी शाळेत नाव घालताना मला विचारलं होतं का, कान टोचताना विचारलं होतं का, मग हे एवढं काय मोठं. मुद्दा मला क्षणभर पटला हे कबूल करते. मग आठवलं की कान टोचताना मी ओरडले होते आणि ते सगळ्यांनी ऐकलं होतं. सोनारानं माझ्या आवाजात "वा, छान टोचलंत" असं म्हटलं नव्हतं.

आणि माझ्या वतीनं बोलायचंच होतं तर सोय होती की. परवा मी पंडितकडून तू माझ्या नावानं भरलेला अर्ज उघडून घेतला. तुझ्या गैरहजेरीत बीडचं तुझं इंटरनेट कॅफे तोच चालवतो, आणि तुझ्यापेक्षा बरं चालवतो, पंखे तरी फिरतात. लग्नाच्या त्या वेबसाइटवर सगळ्यात वर एक प्रश्न आहे. ही माहिती कोण भरत आहे? खाली चौकटी आहेत. आई-वडील. भाऊ. नातेवाईक. स्वतः. तू 'स्वतः' वर खूण केलीस. 'भाऊ' ही चौकट तिथंच होती, महांतेश, बोटभर अंतरावर. पंडितनं ते पाहिलं आणि म्हणाला, "ताई, माउस घसरला आसंल." भला माणूस आहे, तुझी बाजू घ्यायला कुणीतरी आहे.

त्या वहीची झेरॉक्स मी मागून घेतली. बसवेशनं आनंदानं पाठवली, त्याला वाटलं मला आठवणी जपायच्या आहेत. लाल पेन घेऊन बसले. सवय आहे, नववीचे पेपर चालूच होते. तुझी अंजू समुद्राकाठी बसून विचार करते. मी धरणापलीकडचं पाणी पाहिलेलं नाही. अंजू कॉफी पिते, तिला मोगऱ्याचा वास आवडतो, मला मोगऱ्यानं शिंका येतात आणि त्या तुला माहीत आहेत, कारण तू लहानपणी मुद्दाम गजरा नाकाशी धरायचास. अंजू गणित शिकवते हे मात्र तू बदललं नाहीस, फक्त पान तेवीसवर लिहिलंस की आकड्यांत मन रमत नाही. माझं मन आकड्यांतच रमतं. तेवढं एक तरी बरोबर लिहायचं होतंस.

दोन ओळी. हातच्या.

शिवांजली


माजलगाव
१८ फेब्रुवारी, महाशिवरात्र

महांतेश,

आज उपास आहे, त्यामुळे डोकं थोडं शांत आहे. फार नाही.

दुसरं पत्रही छापील. पण या वेळी खाली एक ओळ जास्त आहे, "तो मला हुशार म्हणायचा." मला म्हणजे कुणाला ते तू लिहिलेलं नाहीस. बिनसहीच्या कागदावर 'मला' या शब्दाला काही किंमत नसते, तो कुणाचाही असू शकतो. तरी मला कळलं.

मी वही पुन्हा काढली. या वेळी तुझी पानं सोडली आणि त्याची वाचली. तो लिहितो, तुझ्याइतकं समजून घेणारं आजवर कुणी भेटलं नाही. लिहितो, ऑफिसमधून आल्यावर आधी तुझा मेल बघतो, मग जेवतो. पुण्यातला शिकलेला माणूस, चांगल्या कंपनीत, आणि बीडच्या बसस्टँडमागच्या खोलीत बसून तू त्याचा जेवणाचा वेळ ठरवत होतास. आपल्या घरात तुला कुणी हुशार म्हटलं नाही हे खरं आहे. अप्पा म्हणाले नाहीत, मीही म्हटलं नाही. पहिल्यांदा कुणीतरी म्हटलं, तेही माझ्या फोटोकडे बघून.

मला दया येईल असं तुला वाटत असेल. थोडी आली होती. मग मी पान एक्क्याऐंशी पुन्हा वाचलं आणि ती गेली.

इथलं ऐक. काल अप्पा दुकानातून लवकर आले. साडी-नारळ कपाटात तसाच आहे, तो बघून म्हणाले, "शिवू, कुनीबी लिवलेलं आसू दे. नाव तुजं हाय, फोटू तुजा हाय. पोरगं वाईट न्हाई. आता मागं फिरलो तर आपलीच नाचक्की हाय."

मी म्हटलं, "अप्पा, मला कुनी इचारलंच न्हाई."

"आता मी इचारतो की."

"मग मी न्हाई म्हनते."

ते कापडाचा गज हातात फिरवत बसले, दुकानातून उगाच घरी आणला होता. मग म्हणाले, "म्हाताऱ्यानं आता ह्या वयात पोराला खोटं पाडायचं का पोरीला? तूच सांग." आणि हात धुवायला उठले. त्यांनी हिशोब लावला आहे. मुलगा खोटा ठरला तर घराण्याचं नाव जातं, मुलगी खोटी ठरली तर ती लग्न होऊन जाते. दुसऱ्यात नुकसान कमी.

काल आईनं फोटोची मूळ प्रत काढून बघितली, खांद्यावरची आपली बोटं बघितली, आणि छापील पानावरची बघितली. "मला कावून काडलं त्यानं?" एवढंच म्हणाली. याचं उत्तर मी द्यायचं का तू?

सात तारखेला अठरा दिवस आहेत.

शिवांजली


माजलगाव
२९ फेब्रुवारी २००४

महांतेश,

दहा दिवस झाले, तुझं काही नाही. छापीलसुद्धा नाही. मामी म्हणाल्या, तब्येत बरी आहे, रोज संध्याकाळी कोपऱ्यावरच्या कॅफेत जातोस. जा. सवयी सुटत नाहीत.

आज मी तुला एक गोष्ट सांगते. ती मी पहिल्या पत्रात लपवली, दुसऱ्यात लपवली आणि तिसऱ्यात लिहायला घेऊन खोडली. तुझ्यासारखी माणसं खोटं लिहितात, माझ्यासारखी न लिहून भागवतात. माझी पद्धत जास्त सोवळी आहे असं मला वाटायचं.

मला हे सगळं पाहण्याच्या कार्यक्रमाच्या आधीपासून माहीत होतं.

९ जानेवारीला, शुक्रवारी, माझ्या नोकरीच्या मान्यतेची फाइल घेऊन मी बीडला शिक्षण खात्यात आले होते. साहेब जेवायला गेले होते, म्हणून तुझ्या कॅफेवर आले. तूही जेवायला गेला होतास, पंडित बाहेर कुणाशी बोलत होता. तुझ्या टेबलावरचा कॉम्प्युटर चालू होता. वर माझं नाव होतं. शिवांजली. मला वाटलं, तू माझ्यासाठी एखाद्या नोकरीचा अर्ज भरतोयस. खरंच तसं वाटलं, आणि त्या दोन मिनिटांत मी मनातल्या मनात तुझ्याबद्दल जे चांगलं बोलले ते आता परत घेते.

तीसेक मेल वाचले. मग त्याच खुर्चीत बसून मी एक लिहिला. टायपिंग येत नाही, एका बोटानं लिहिला. इंग्रजी अक्षरांत मराठी, आणि राग आला की मी जशी बोलते तशी. "हे लग्न मला करायचं न्हाई. तुमी मला कावून लिहिता?"

पाच मिनिटांत उत्तर आलं. कावून मी लिहिलं होतं के, ए, यू, एन. पुण्यात वाढलेल्या माणसानं ते हिंदीत वाचलं. कौन. मी विचारलं का, त्यानं वाचलं कोण. त्यानं लिहिलं, "कौन? मी तुझा बसवेश. पण तू कोण? अंजूची भाषा मी ओळखतो, ही तिची नाही. जो कुणी माझ्या अंजूच्या जागेवर बसला असेल त्यानं उठावं."

आणि मी उठले.

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. माझ्या नावाखाली, माझ्या फोटोखाली बसले होते, आणि एका परक्या माणसानं सांगितलं की ही तू नाहीस, तर मी उठून उभी राहिले. वर नीट आठवून तो मेल आणि त्याचं उत्तर, दोन्ही पुसले, तुला दिसू नयेत म्हणून. पंडितनं चहा मागवला होता तो प्यायले. पुन्हा शिक्षण खात्यात गेले, फाइल दिली, एसटीनं घरी आले.

का गप्प बसले ते महिनाभर स्वतःला विचारते आहे. भीती होतीच. पण खरं सांगायचं तर मला त्या मुलीचा हेवा वाटला. ती चांगली बोलत होती. तिच्या तोंडी तू घातलेलं बरंच मला कधी सुचलं नसतं. माणूस तिच्यासाठी जेवायचा थांबत होता. मला वाटलं, बघू तरी, तो आल्यावर मला बघतो का तिलाच शोधतो. तीन आठवडे मूग गिळून बसले. तो आला आणि त्यानं तिलाच शोधलं.

म्हणून तुला शिव्या देताना माझा आवाज जास्त चढतो. तू माझी जागा घेतलीस हे खरं. मी ती सोडून उठले हेही खरं. पण तू अजून तिथंच बसला आहेस, आणि मी सात दिवसांनी सुंदररावांच्या बंगल्यावर जाऊन बसणार आहे. तिथं तुझ्या दोन ओळी माझ्या हातात असाव्यात एवढंच मागते. शेवटचं मागते.

शिवांजली


माजलगाव
६ मार्च २००४

तुझं कार्ड मिळालं. या वेळी हातानं लिहिलंयस, त्याबद्दल अभिनंदन. "काम झालं. आता तरी खूश ना?" खाली सही नाही.

काय काम झालं ते मला दुपारी कळलं. पुण्याहून बसवेशच्या मामांचा फोन आला, अप्पांशी अगदी गोड बोलले. मुलीचा बुधवारी मेल आला म्हणाले. फार समजूतदारपणे लिहिलंय म्हणाले. आपले मार्ग वेगळे आहेत, मला माझ्या शाळेतल्या मुलांना सोडवत नाही, तुमच्या आयुष्यात चांगली मुलगी यावी, मला क्षमा करा. बसवेश रडला म्हणे, पण शांत आहे. आमची आता काही तक्रार नाही, उद्या येऊ, साडी-नारळ परत घेऊ, चहा घेऊन निघू.

अप्पांनी फोन ठेवला आणि महिन्यात पहिल्यांदा माझ्याकडे बघून हसले. "शाब्बास," म्हणाले. "असं नीट लिवायचं. आदीच लिवली असतीस तर येवढं कशाला झालं असतं?"

मी दोन ओळी मागितल्या होत्या. तुझं नाव घालून. तू चाळीस ओळी लिहिल्यास, माझं नाव घालून. माझा होकार तू दिलास, आता माझा नकारही तूच दिलास, आणि दोन्ही वेळी अप्पांना वाटलं की मी लिहिला. तुला खरोखर वाटतं की तू मला सोडवलंस. मला सगळ्यात जास्त किळस याची येते, की तुला खरोखर तसं वाटतं.


माजलगाव
८ मार्च २००४

महांतेश,

शरणार्थ.

काल बैठक झाली. बैठक कसली, निरोपाचा चहा. सुंदररावांच्या हॉलमध्ये कूलर लावला होता, बिस्किटांच्या बश्या होत्या, सगळे हसत होते. बसवेश एका कडेला वही मांडीवर घेऊन बसला होता, घरी नेण्यासाठी आणली होती की परत देण्यासाठी कोण जाणे. आईनं साडी-नारळ ताटात ठेवून पुढं केलं. पाच मिनिटांत सगळं संपणार होतं. मी गप्प राहिले असते तर आज सगळे खूश असते, मीही धरून.

मी म्हटलं, "एक सांगायचं आहे. बुधवारचा मेल मी लिहिलेला नाही. आधीचेही नाहीत."

अप्पा म्हणाले, "शिवू, झालं ते झालं."

सुंदरराव मोठे माणूस, त्यांनी चहाची बशी खाली ठेवली आणि समजुतीनं म्हणाले, "पोरी, तुला लगीन करायचं न्हाई. मेलमंदीबी तेच हाय. उत्तर येकच हाय ना? मग कुनी लिवलं त्यानं काय फरक पडतो?"

मी म्हटलं, "काका, मी गणित शिकवते. उत्तर बरोबर आलं तरी कॉपी केलेल्या पेपराला मी शून्य देते. माझं उत्तर मी तोंडानं देते. मला हे लग्न करायचं न्हाई. हे आज मी पहिल्यांदा म्हनतेय, आनि हेच माझं धरा."

बसवेशचे मामा हसून म्हणाले, मुलगी लाजरी आहे, तिनं आधीच लिहिलं होतं. पान एक्क्याऐंशी. तुझं लिहिलेलं किती कामाला येतं बघ. सगळे पुन्हा बिस्किटांकडे वळले.

मग मी बसवेशला विचारलं, "तुम्ही एक मेल छापला नाहीत. कुठला?"

तो म्हणाला, "तो तिचा नव्हता. कॅफेत कुणीतरी चावटपणा केला होता."

"९ जानेवारी. दुपारी दोनच्या सुमारास. दोनच ओळी होत्या. हे लग्न मला करायचं न्हाई, तुमी मला कावून लिहिता. तुम्ही लिहिलंत, कौन, मी तुझा बसवेश. आणि जो कुणी अंजूच्या जागेवर बसला असेल त्यानं उठावं."

त्या दोन ओळी जगात दोनच माणसांना माहीत होत्या, त्याला आणि लिहिणारीला. तूसुद्धा २९ तारखेपर्यंत त्यात नव्हतास. मी म्हटलं, "आमच्याकडे कावून म्हणजे का. कोण नव्हे. सगळ्या मेलांत तेवढा एकच माझा होता, आणि तुम्ही त्यालाच उठवलंत."

त्यानं वही उघडली, मिटली. तोंडातल्या तोंडात एकदा "कावून" म्हणून बघितलं, पुणेरी उच्चारात, अगदीच वाईट.

मग सगळे एकदम बोलले. म्हणजे मुलीला जानेवारीपासून माहीत होतं. म्हणजे मुलीनं आम्हाला पोहे खायला बोलावलं ते कळून सवरून. म्हणजे भावानं केलं आणि बहिणीनं झाकलं. हे सगळे आरोप खरे आहेत आणि ते माझ्या अंगावर येणार हे मला माहीत होतं. बुधवारच्या तुझ्या मेलमध्ये अंजू फार गोड सुटली होती. मी तशी सुटले नाही. बसवेशची आई ताटातली साडी उचलून गाडीत जाऊन बसली. अप्पा माझ्याशी कालपासून बोललेले नाहीत, आणि त्यांनी आज दुकान उघडलेलं नाही. शाळेत संस्थेच्या सचिवांनी "थोडं बोलायचं आहे" असा निरोप ठेवलाय. या गावात माझं लग्न आता जमेल असं वाटत नाही, आणि ते आज मला फार मोठं दुःख वाटत नाही, उद्याचं माहीत नाही.

एवढं सगळं चाललं असताना आई उठली आणि माझ्या खुर्चीमागं येऊन उभी राहिली. खांद्यावर हात ठेवला आणि शेवटपर्यंत काढला नाही.

निघताना बसवेश माझ्यापाशी आला. या वेळी तुम्ही म्हणाला. म्हणाला, "मग पाच महिने माझ्याशी कोण बोलत होतं?"

"माझा भाऊ."

त्याच्या चेहऱ्यावर राग येईल असं मला वाटलं होतं. आधी दुसरंच काहीतरी आलं, ते मी नीट वाचू शकले नाही. तो वहीचं प्लास्टिक नखानं खरवडत उभा होता. मग म्हणाला, "त्यांचा पत्ता द्याल?"

मी विचारलं, "कावून?"

या वेळी त्याला कळलं. म्हणाला, "बघायचं आहे."

तुला बघायला माणूस येतोय, महांतेश. येत्या रविवारी, सकाळच्या गाडीनं. मामांच्या दुकानाचा पत्ता मी माझ्या हातानं, सुवाच्य अक्षरांत लिहून दिला, खाली सही केली. पोहे करायला मामींना सांग. मागचं दार कुठं आहे ते तुला माहीतच असेल, पण या वेळी पाहुण्याला फसवायला समोर दुसरं कुणी बसवलेलं नाही.

तो आत आल्यावर पहिला प्रश्न विचारील, कोण? चौकट तू तेव्हा खूण केलेलीच आहे, या वेळी बोटभरही हलावं लागणार नाही. एवढं एक वेळ खरं सांग.

शिवांजली
(स्वतः)